ओसरीवरचं नकाशायुद्ध

माझा नातू पुण्यात आठवीत आहे. सध्या त्याला गोष्टी लिहायचा नाद लागलाय. परवा त्याने व्हॉट्सअॅपवर एक गोष्ट पाठवली. एका देशात नकाशे काढणाऱ्यांची दोन घराणी असतात आणि दोघांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं हाडवैर. त्यात जादू अशी, की ज्याच्या नकाशाची शाई आधी वाळेल, त्याच्या मर्जीप्रमाणे जमीन हलते. याने नदी डावीकडे काढली की नदी निमूटपणे डावीकडे जाते, त्याने डोंगर खोडला की डोंगर गायब! मग फौजा, तलवारी, शाईच्या दौती चोरणारे हेर, असं बरंच काही. गोष्टीखाली सूचना होती, "आजोबा, भूगोलाच्या चुका काढू नका."

नाही काढल्या. पस्तीस वर्षं पोरांच्या वह्यांत भूगोलाच्या चुका काढल्या, आता पुरे. पण वाचता वाचता मला हसू येत होतं. कारण असलं युद्ध मी प्रत्यक्ष पाहिलं आहे. आमच्याच घरी, गोंदियाला, सारवलेल्या ओसरीवर.

तसं पाहिलं तर नकाशेवाल्यांची भांडणं जगाला नवी नाहीत. ज्याच्या नावाचं शिखर आपण पोरांना पाठ करायला लावतो तो जॉर्ज एव्हरेस्ट काय साधा माणूस होता! तो १८३० पासून हिंदुस्थानचा सर्व्हेअर जनरल. त्याच्या तब्येतीचं काही खरं नाही असं वाटून कंपनीच्या संचालकांनी १८३७ साली त्याच्या जागेसाठी थॉमस जर्व्हिसचं नाव ठरवून टाकलं. हा जर्व्हिस आपल्या कोकणात मोजणी केलेला. (त्याचा भाऊ जॉर्ज जर्व्हिस याने मुंबईत मराठीतून गणिताची पुस्तकं तयार केली, म्हणून आम्हा मास्तरांना ते आडनाव जरा जवळचं.) इकडे एव्हरेस्ट अजून जिवंत, खुर्चीवर बसलेला, आणि तिकडे विलायतेत जर्व्हिस मोजणी कशी व्हावी यावर भाषणं देतोय, मोठमोठे शास्त्रज्ञ त्याच्या बाजूने सह्या करतायत. एव्हरेस्टचं डोकं फिरलं. त्याने ड्यूक ऑफ ससेक्सला उद्देशून एकामागून एक पत्रं लिहिली आणि १८३९ साली ती चक्क पुस्तक करून छापली. जर्व्हिसची त्यात सालटी काढली आहेत. आणि मग हट्टाने १८४३ पर्यंत खुर्ची सोडली नाही. जर्व्हिसला ती जागा कधीच मिळाली नाही. या दोघांच्याही आधी ज्याने हे मोजणीचं काम सुरू केलं, तो लॅम्बटन मात्र १८२३ साली काम करता करताच वारला, आपल्या विदर्भात, हिंगणघाटला. त्याची कबर तिथेच आहे.

असो. ती साहेबांची भांडणं. आमच्याकडचे दोन्ही सेनापती धोतरातले होते.

एक म्हणजे माझे मोठेबाबा, बाबांचे थोरले भाऊ. गोंदियाच्या एका राईस मिलमध्ये मुनीम. दुसरे माझे मामा, जवळच्याच खेड्यात प्राथमिक शाळेचे मास्तर. (आमच्या जिल्ह्यात 'मामा तलाव' म्हटलं की बाहेरच्यांना वाटतं कुणाच्या तरी मामाने खोदला असेल. ते माजी मालगुजारी तलाव, त्याचं लहान रूप 'मामा'. आमचे मामा मात्र खरेखुरे मामा.) मामा कट्टर संयुक्त महाराष्ट्रवाले. नागपूरचा 'तरुण भारत' वाचायचे. त्याचे संपादक माडखोलकर म्हणजे १९४६ च्या बेळगावच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. तिथेच संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला होता, त्यामुळे माडखोलकरांचा शब्द मामांना प्रमाण. मोठेबाबा तितकेच कट्टर विदर्भवाले. त्यांची दैवतं लोकनायक अणे आणि ब्रिजलाल बियाणी.

रविवारी मामा आले की जेवणं आटोपून दोघं ओसरीवर बसत. मामांच्या खिशात शाळेतले खडूचे तुकडे असत. मोठेबाबांकडे मुनिमाची लाल-निळी पेन्सिल आणि मिलच्या जुन्या बिलांचे पाठकोरे कागद. मामा जमिनीवर मोठ्ठा महाराष्ट्र काढत. गोवा, बेळगाव, कारवार तर त्यात असतच, पण उत्तरेला बुऱ्हाणपूर, मुलताई, सौंसर आणि आमच्या डोक्यावरचं बालाघाटसुद्धा असे. मोठेबाबा बिलाच्या मागे निळ्या रेघेने विदर्भ काढत. अगदी आटोपशीर, आठ जिल्ह्यांचा, आणि मधोमध नागपूरला लाल टिकली. मग तोंडं सुरू होत.

"मास्तर, इथून नागपूर ऐंशी मैल, मुंबई सहाशे मैल. एका दाखल्यासाठी मुंबईले जाचं म्हटलं तं मानसाचं धान शेतातच राहून जाईल."

"दादा, भाषा एक तर राज्य एक. मैल काय मोजता?"

"मंग बेळगाव कायले मोजून रायले?"

मला तेव्हा दोघांचंही खरं वाटायचं. आज विचाराल तर मैलांचा मुद्दा मोठेबाबांचाच जड होता, हे मी मामांच्या माघारी सांगतो. मात्र गोंदिया ते कोल्हापूर धावणारी महाराष्ट्र एक्सप्रेस प्लॅटफॉर्मवर उभी दिसली की मामांची आठवण येतेच. त्यांच्या खडूच्या नकाशातला निम्मा रस्ता ती गाडी रोज तुडवते.

ओसरी सारवायची वेळ आली की आई आधी विचारायची, "झालं का तुमचं राज्य?" उत्तराची वाट न बघता शेणाचा हात फिरायचा. आमच्या घरी महाराष्ट्र कितीदा स्थापन झाला आणि किती वेळा सारवला गेला याची गणती नाही.

ही सगळी काल्पनिक राज्यं होती, हे नव्या वाचकांना सांगायला हवं. १९५६ पर्यंत आमचा भंडारा जिल्हा (गोंदिया तेव्हा त्यातच) जुन्या मध्य प्रांतात, म्हणजे १९५० नंतरच्या मध्य प्रदेशात होता. राजधानी नागपूर. शेजारचा बालाघाटही त्याच राज्यात. बालाघाट जिल्हाच मुळात १८६७ साली भंडारा, शिवनी आणि मंडल्याचे तुकडे जोडून केलेला. मामा हे साल ओसरीवर दर रविवारी सांगायचे. दोघा सेनापतींच्या वर दिल्ली-मुंबईत खरे नकाशेवाले बसले होते. १९४७ चा अकोला करार, १९५३ चा नागपूर करार, मग फाजल अली आयोग. पुढे १९५५ च्या शेवटी बाबासाहेब आंबेडकरांचं भाषिक राज्यांवरचं पुस्तक आलं. त्यांनी मराठी मुलखाची चार राज्यं करा म्हटलं, त्यातलं एक आमचं पूर्वेकडचं. बाबासाहेबांना आमच्या भंडारा मतदारसंघानेच १९५४ च्या पोटनिवडणुकीत हरवलं होतं. ती गोष्ट आमच्याकडे कुणी मोठ्याने बोलत नसे.

फाजल अली आयोगाचा अहवाल ३० सप्टेंबर १९५५ चा. त्यात वेगळ्या विदर्भाची शिफारस होती. आठ जिल्हे! अगदी मोठेबाबांच्या बिलामागचा नकाशा! त्या दिवशी मोठेबाबांनी अख्ख्या आळीला पेढे वाटले आणि मामांच्या घरीसुद्धा एक पुडा पाठवला. मामांनी तो परत पाठवला नाही, पण दोन रविवार ते आले नाहीत.

एक प्रसंग अजून डोळ्यांसमोर आहे. धानाच्या कापणीला आमच्याकडे एक गोंड म्हातारा यायचा. मजुरी घ्यायला ओसरीशी उकिडवा बसला होता. जमिनीवरचा खडू आणि कागदावरची निळी रेघ त्याने बराच वेळ निरखली आणि विचारलं, "यात कचारगड कोठी आहे जी?" सालेकसाकडचं कचारगड म्हणजे गोंडांचं मोठं देवस्थान. माघ पौर्णिमेला अजूनही तीन-चार राज्यांतले लोक तिथे येतात. मामांनी खडूने टिंब दिलं, मोठेबाबांनी पेन्सिलीने. दोघांचं टिंब अगदी एकाच जागी पडलं. एवढ्या वर्षांत दोघांचं एकमत झालेलं मी पाहिलं ते तेवढंच. म्हाताऱ्याने दोन्ही टिंबं पाहिली, मान हलवली आणि मजुरीचे पैसे मोजून घेऊन निघून गेला. गोंडवान्याचाही एक नकाशा असू शकतो, हे आमच्या ओसरीवर कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं.

आणि मग एक दिवस शाई वाळली. तिसऱ्याच कुणाची तरी. १ नोव्हेंबर १९५६ ला विदर्भही झाला नाही आणि महाराष्ट्रही नाही. गुजरात, मराठवाडा, विदर्भ सगळे मिळून एकच मोठं द्विभाषिक मुंबई राज्य. नागपूरची राजधानी गेली. मध्य प्रदेश उरला, पण त्याची राजधानी आता भोपाळ. भंडारा मुंबईत आणि बालाघाट भोपाळात!

त्या वर्षी ही सगळी उलथापालथ ऐन दिवाळीत आली. माझी मावशी, म्हणजे मामांची धाकटी बहीण, बालाघाटजवळच्या एका खेड्यात दिलेली. मामा दरवर्षी भाऊबीजेला आधी आमच्याकडे येत आणि मग छोट्या लाईनीने मावशीकडे जात. मी नऊ वर्षांचा होतो, हट्ट करून बरोबर निघालो. मला राज्याची रेघ बघायची होती. वर्गात नकाशा भरताना आम्ही सीमा तुटक रेघांनी काढायचो, त्यामुळे कुठेतरी जमिनीवर तुटक तुटक काहीतरी असेल अशी माझी कल्पना. बाघ नदीचा पूल आला, गाडी हळू झाली, मी खिडकीतून अर्धा बाहेर. खाली वाळू, पाण्याच्या दोन बारीक धारा, धुणं धुणाऱ्या बाया. मामा म्हणाले, "हीच." मला फसवल्यासारखं वाटलं.

मावशीने पाट मांडला, ओवाळलं. मामांनी ओवाळणी टाकली आणि जड आवाजात म्हणाले, "बाई, आता तू परराज्यात गेलीस." मावशी चौथी शिकलेली, पण तोंडाने फटकळ. म्हणाली, "मी कोठी गेली? मी काल मध्य प्रदेशात होती, आजबी मध्य प्रदेशातच आहो. गेले तं तुमी गेले, दादा."

मामांना उत्तर सुचलं नाही. परतीच्या गाडीत ते पूल येईपर्यंत बोलले नाहीत.

पुढे १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला. सव्वीस जिल्ह्यांचा. मामांनी गावात प्रभातफेरी काढली, पोरांना गूळ-शेंगदाणे वाटले. त्या रविवारी ओसरीवर त्यांनी नवा नकाशा काढला. मोठेबाबा पेन्सिल न काढता नुसते बघत होते. मग म्हणाले, "मास्तर, तुमचं बालाघाट कोठी गेलं?" मामा म्हणाले, "दादा, तुमचं राज्य कुठे गेलं?" दोघंही हसले. आई म्हणायची, त्या दिवशी दोघं पहिल्यांदा एका पानात बसल्यासारखे जेवले. दोघांचंही अर्धं हरलं होतं ना! नागपूर करारामुळे हिवाळी अधिवेशन नागपुरात भरतं, त्यावर मोठेबाबा म्हणत, "राजधानी होती, आता पाहुनी आहे." त्यानंतर ओसरीवर फारसे नकाशे निघाले नाहीत. १९६७ साली महाजन आयोगाने बेळगाव दिलं नाही, तेव्हा मामांनी एकदा खडू हातात घेतला आणि तसाच खाली ठेवला, एवढं आठवतं.

नातवाच्या गोष्टीत शाई वाळली की नदी हलते. आमच्याकडे नदी होती तिथेच राहिली. हललं ते दुसरंच काहीतरी, आणि ते इतकं हळू की पंधरा-वीस वर्षं कळलंच नाही. मावशीची पत्रं यायची. वर 'श्री', मग 'ती. सौ. ताईस सा. न.', मग धानाचं कसं आहे, म्हैस व्याली का, पोरं कशी आहेत. तिचे डोळे अधू झाल्यावर माझा मावसभाऊ लिहू लागला. लिपी तीच, देवनागरी. पोस्टकार्डही तसंच पिवळट. आईने कार्ड हातात घेतलं, वाचायला सुरुवात केली आणि मध्येच थांबली. 'आदरणीय मौसीजी, सादर प्रणाम.' मजकूर तोच होता, धान आणि म्हैस. आईला सगळं समजलं. तरी तिने ते कार्ड माझ्यापुढे केलं आणि म्हणाली, "वाचून दाखव." तिला वाचता येत होतं, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं.

त्याचा दोष नव्हता. तो नदीपलीकडे हिंदी शाळेत शिकला, हिंदीतच मॅट्रिक झाला. १९७२ च्या सुमारास तो इकडे मास्तरकीच्या नोकरीसाठी आला. मी नुकताच शाळेला लागलो होतो. अर्ज केला, तर अधिवासाचा दाखला हवा. दाखला कुठला मिळणार? मामा तेव्हा निवृत्तीला आलेले. छत्री घेतली, धुतलेलं धोतर नेसलं आणि भाच्याला घेऊन एका कचेरीत गेले. मीही होतो. टेबलामागचा कारकून तरुण होता, उद्धट नव्हता. त्याने कागद नीट पाहिले आणि म्हणाला, "गुरुजी, हे तर मध्य प्रदेशचे."

मामा म्हणाले, "मी याला १९५५ सालीच महाराष्ट्रात घेतलं होतं."

कारकुनाने खरोखरच फाईल पुढे ओढली आणि विचारलं, "कोणत्या जीआरने?"

आम्ही बाहेर आलो. मामांनी कोपऱ्यावर आम्हा दोघांना चहा पाजला. मावसभाऊ बालाघाटकडे परत गेला, तिथेच हिंदी शाळेत शिक्षक झाला, तिथूनच निवृत्त झाला. म्हणजे एकाच आजीचे दोन नातू, दोघंही मास्तर, मध्ये एक नदी. तो पोरांना मध्य प्रदेशचा नकाशा भरायला लावायचा, मी महाराष्ट्राचा. माझ्या फळ्यावर त्याच्या जिल्ह्याच्या जागी नुसतं 'मध्य प्रदेश' असायचं. त्याच्या फळ्यावर माझ्या जागी 'महाराष्ट्र'. माझ्या नोकरीत सव्वीसचे पस्तीस जिल्हे झाले, आता छत्तीस आहेत. १ मे १९९९ ला गोंदियाच जिल्हा झाला आणि मला माझ्याच गावाला फळ्यावर वेगळं रंगवावं लागलं. पुढच्याच वर्षी पूर्वेला मध्य प्रदेश पुसून छत्तीसगड लिहावं लागलं. पोरं म्हणायची, "गुरुजी, एकदा काय ते पक्कं सांगा ना!"

दोन्ही सेनापती आता नाहीत. मोठेबाबांची लाल-निळी पेन्सिल माझ्याकडे आहे, निळ्या बाजूने जास्त झिजलेली.

मावसभाऊ आहे, माझ्याहून दोन वर्षांनी लहान. आमचं फोनवर बोलणं होतं. तो हिंदीत सुरू करतो, मी मराठीत, आणि पाच मिनिटांत दोघंही आजीच्या झाडीबोलीत येतो. २०११ च्या जनगणनेचा किस्सा त्याने मला फोनवरच सांगितला होता. प्रगणक घरी आला, तोही शिक्षकच. मातृभाषेचा रकाना आला. मावसभावाने सांगितलं, "मराठी." मुलगा म्हणाला, "हिंदी." सून पोवारी बोलणारी, 'आहे' ला 'से' म्हणणारी. तिने सांगितलं, "पोवारी." आता जनगणनेत पोवारीची बेरीज हिंदीच्या खात्यात जाते. आमच्या गोंदियातही कितीतरी घरं अशी आहेत, जी राहतात महाराष्ट्रात आणि मोजली जातात हिंदीत. असल्याच आकड्यांवर मामा बालाघाट मागायचे आणि असल्याच आकड्यांवर लोक त्यांना नाही म्हणायचे.

प्रगणकाने पेन थांबवला आणि म्हणाला, "सर, एक घर में तीन-तीन?" तेवढ्यात आतून धाकट्या नातीने हाक मारली, "आजाजी, चाय ठंडी हो रही है जी." मावसभाऊ प्रगणकाला म्हणाला, "हिचं काय लिहिता ते तुम्हीच ठरवा."